काशीचे राखणदार

काशीच्या घाटांवर मराठी माणसाचा ऊर भरून येतो. अहिल्याबाईंचा घाट, भोसल्यांचा घाट, शिंद्यांचा घाट. विश्वनाथाचं आजचं मंदिरही अहिल्याबाईंनी 1780च्या सुमारास बांधलेलं. अभिमान रास्तच आहे. पण आपण गेलो तेव्हा ही नगरी फार जुनी झाली होती, आणि तिच्या आरंभीची माणसं आपल्या यात्रेत कुठेच भेटत नाहीत.

ती शोधायची तर लहुराबीरच्या चौकात जावं. रिक्षावाले दिवसभर हे नाव पुकारत असतात. भोजूबीर, दैत्राबीर अशी आणखीही नावं शहरभर आहेत. बीर म्हणजे वस्तीचा राखणदार. झाडाखाली शेंदूर माखलेला दगड नाहीतर मातीचा उंचवटा, पुढे फुलं आणि धुमसती अगरबत्ती. अगदी आपल्या म्हसोबासारखं. कितीतरी बीर म्हणजे अकाली, घातपातात गेलेली माणसं. त्यांची पूजा बऱ्याच ठिकाणी अहीर, मल्लाह अशा समाजांनीच टिकवली. अभ्यासक या पूजेचं नातं प्राचीन यक्षपूजेशी जोडतात.

त्या यक्षांचं काय झालं, ते काशीखंड या पुराणग्रंथात आहे. हरिकेश नावाचा यक्ष शिवासाठी घोर तप करतो आणि शिव त्याला दंडपाणी करून काशीचा रक्षक नेमतो. ही भक्तीची कथा म्हणून सांगतात. मला तीत तडजोड दिसते. जे दैवत लोकांच्या मनातून काढता आलं नाही, त्याच्या हाती दंड देऊन त्याला दारात उभं केलं. त्याला मानणारे मात्र पोथीबाहेरच राहिले.

पोथीबाहेरच्यांच्या खुणा मातीत होत्या. 1940मध्ये रेल्वेच्या कामात काशीतल्या राजघाटला जुनी वस्ती वर आली. पुढे बनारस हिंदू विद्यापीठाच्या अ. कि. नारायण यांनी तिथे उत्खनन केलं, तेव्हा वस्तीचा काळ इसवी सनापूर्वी 800च्या आसपास मागे गेला. भांडी, मणी आणि मातीचा भलामोठा बांधही सापडला. तो बांध घालायला किती पाट्या माती वाहिली गेली असेल! वाहणाऱ्यांची नावं कुणीच लिहिली नाहीत.

नावाडी निषादांची, म्हणजे मल्लाहांचीही तीच गत. रामायणातला निषादराज सर्वांना प्रिय, पण 2018पासून गंगेत क्रूझ येऊ लागल्या, तेव्हा पोटावर पाय येतो म्हणून मल्लाहांना आंदोलन करावं लागलं. 2021मध्ये उघडलेल्या विश्वनाथ धाम या मंदिर-परिसरात अहिल्याबाईंचा पुतळा आहे, आणि तो असायलाच हवा. पण पुढच्या वेळी काशीला जाल तेव्हा लहुराबीरलाही जा, आणि आपली नाव वल्हवणाऱ्याला त्याच्या बीराचं नाव विचारा.