एकच मोजपट्टी सर्वांना कशी लागू?

रक्ततपासणीच्या अहवालावर रुग्णाच्या आकड्याशेजारी सर्वसाधारण मर्यादा छापलेली असते. आकडा तिच्या आत असला की निर्धास्त व्हायचे आणि बाहेर गेला की धास्तावायचे, अशी सुशिक्षितांचीही सवय झाली आहे. थायरॉईडच्या बाबतीत ही सवय विशेष घातक ठरते. अनेक अहवालांवरील मर्यादा निरोगी प्रौढाची असते. शरीराचा हिशेब मात्र वयानुसार आणि गर्भावस्थेत बदलतो.

थायरॉईड ग्रंथी मंदावली की मेंदूच्या तळाशी असलेली पियूषिका ग्रंथी टीएसएच हे संप्रेरक अधिक सोडते. प्रौढांत त्याचे प्रमाण लिटरला सुमारे ०.४ ते ४ मिलियुनिट असते. नवजात अर्भकात मात्र ते जन्मानंतर अर्ध्या तासातच ६० च्या वर उसळते आणि काही दिवसांत उतरते. ते चढेच राहिले तर विलंब परवडत नाही. ग्रंथीतील जन्मजात उणिवेवर पहिल्या दोन आठवड्यांत उपचार सुरू झाले तर बालकाची बुद्धी वाचते. उशिरा झालेली हानी सहसा भरून निघत नाही.

गर्भावस्थेच्या प्रारंभी वारेतून स्रवणारे संप्रेरक थायरॉईडला चालना देते. साहजिकच टीएसएच खाली येते. तेव्हा कमी आकडा म्हणजे रोगच, असे नव्हे. उलट वाढलेल्या आकड्याकडे दुर्लक्षही करता येत नाही; कारण गर्भावस्थेच्या मध्यापर्यंत गर्भाच्या मेंदूची वाढ मुख्यत्वे मातेच्या थायरॉक्सिनवर विसंबून असते. अमेरिकन थायरॉईड असोसिएशनने २०११ मध्ये पहिल्या तिमाहीसाठी २.५ ही वरची मर्यादा सुचविली होती. २०१७ मध्ये तिनेच ती सोडून, त्या त्या समाजाचे व तिमाहीचे निकष वापरावेत आणि ते नसल्यास सुमारे ४ ही मर्यादा धरावी, असे सांगितले. तज्ज्ञांनीही ज्या आकड्याचा फेरविचार केला, तो सामान्य माणसाने ब्रह्मवाक्य का मानावा?

वार्धक्यात टीएसएच थोडे वाढणे स्वाभाविक असते. टीएसएच किंचित वाढलेल्या, परंतु थायरॉक्सिनची पातळी योग्य असलेल्या ६५ वर्षांवरील ७३७ जणांवर युरोपात झालेल्या चाचणीचे निष्कर्ष २०१७ मध्ये प्रसिद्ध झाले. गोळ्यांनी त्यांच्या लक्षणांत सुधारणा झाली नाही. शिवाय मात्रा अधिक झाली तर हृदयाचे ठोके अनियमित होतात आणि हाडे ठिसूळ होतात.

याचा अर्थ चालू गोळ्या स्वतःच्या मनाने बंद कराव्यात, असा मुळीच नाही. प्रयोगशाळांनी अहवालावर वयाचे आणि तिमाहीचे निकष छापावेत, गर्भवतीने तपासणीपूर्वीच आपली अवस्था सांगावी आणि वैद्याने कागदाआधी माणूस पाहावा, एवढेच अपेक्षित आहे. त्याहून निकडीची गोष्ट म्हणजे अर्भकाच्या टाचेतील रक्ताच्या काही थेंबांची तपासणी. आपल्या देशात ती अद्याप सार्वत्रिक नाही. मोठ्यांच्या आकड्यांची एवढी चिंता वाहणाऱ्या समाजाने आणि शासनाने या थेंबांकडे पाठ फिरवावी, हे शोभणारे नाही.