घुंघट आणि शौचालय

‘द डर्टी पिक्चर’च्या यशानंतर, २०१२मध्ये विद्या बालन केंद्र सरकारच्या निर्मल भारत अभियानाची सदिच्छादूत झाली. आघाडीच्या नटीने शौचालयाचा प्रचार करावा, हे तेव्हा नवल होते. आपल्याकडे हा विषय जेवताना सोडाच, एरवीही कुणी काढत नाही. विद्याने अभियानाच्या एका जाहिरातीत तो थेट लग्नघरात काढला. सुनेच्या घुंघटाचे कौतुक सांगणाऱ्यांना ती मिश्कीलपणे पेचात पकडते: घुंघट एवढा महत्त्वाचा, मग शौचाला उघड्यावर कसे पाठवता? सूर उपदेशाचा नव्हे, थट्टेचा. म्हणूनच ती जाहिरात ध्यानात राहिली.

आमची तक्रार वेगळी आहे. इथे शौचालय येते ते घरच्या अब्रूपायी. पाण्यात मिसळणारा मैला, त्यातून मुलांना होणारी हगवण, पोटातले जंत हे आरोग्याचे खरे कारण मागे पडते. शिवाय शौचालय बायकांपुरते, पुरुषांना शिवार मोकळेच, असा सोयीचा अर्थ काढायला वाव उरतो. त्याच लग्नघरात विद्याने सासरेबुवांचा टमरेलही काढून घेतले असते, तर आम्ही टाळ्या जास्त वाजवल्या असत्या.