वीरेश्वराच्या देवळाची आवई

‘मोबाइल आला आणि अफवा बोकाळल्या, इंटरनेट बंद ठेवा, गाव शांत राहील,’ असे म्हणणाऱ्यांनी महाड आठवावे. २० मार्च १९२७ रोजी महाडच्या अस्पृश्य परिषदेनंतर बाबासाहेब आंबेडकर आणि त्यांच्यामागून हजारो माणसे चवदार तळ्याचे पाणी प्यायली. थोड्याच वेळात गावात आवई उठली: आता हे वीरेश्वराच्या देवळात शिरणार! परिषदेने असे काही ठरवलेच नव्हते. डाकबंगल्यावर चौकशीला आलेल्या अधिकाऱ्यांना बाबासाहेबांनी तसे स्पष्ट सांगितलेही. तरी जमाव लाठ्या घेऊन परिषदेच्या मंडपावर चालून गेला, जेवायला बसलेल्यांना झोडपले, परतणाऱ्यांना वाटेत गाठून मारले.

खरे काय ते हाकेच्या अंतरावर कळत होते. ते कोणाला ऐकायचेच नव्हते. म्हणून ‘लोक भोळे, त्यांना फसवले’ हा बचावही मी मानत नाही. नगरपालिकेने १९२४ मध्येच तळे सर्वांना खुले केले होते. त्याचा राग धुमसत होता, देऊळ हे निमित्त झाले. पुढेही तेच घडले: १ जुलै २०१८ला धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात नाथपंथी डवरी गोसावी या भटक्या समाजातल्या पाच जणांना मुले पळवणारे ठरवून ठेचून मारले. संदेश मोबाइलवरून फिरले, पण दारी आलेल्या भटक्यावरचा संशय मोबाइलपेक्षा कितीतरी जुना.

त्याच महिन्यात व्हॉट्सअ‍ॅपने भारतात एक संदेश एका वेळी पाचच ठिकाणी पुढे पाठवता येईल अशी मर्यादा घातली. चांगले केले, त्याने वेग कमी होतो. सगळे इंटरनेटच तोडणे मात्र घातक. जुलै २०२१च्या पुरात महाडचे नेटवर्क कोलमडले, तेव्हा महाड तालुक्यातल्या तळीये गावच्या दरडीखालच्या माणसांपर्यंत मदत पोचायला दुसरा दिवस उजाडला.

मग करायचे काय? बाबासाहेबांनी संतापलेल्या आपल्या माणसांना प्रतिहल्ल्यापासून रोखले आणि दोनच आठवड्यांत, ३ एप्रिलला, ‘बहिष्कृत भारत’ काढून महाडची हकीकत स्वतः मांडली. ‘अस्पृश्यांना या तळ्यावर बंदी ही पूर्वापार वहिवाट’ या दाव्याविरुद्ध ते कोर्टात जवळपास दहा वर्षे लढले; १७ मार्च १९३७ला उच्च न्यायालयाने ती वहिवाट सिद्ध होत नसल्याचा निकाल दिला.

आजही हाच मार्ग धरावा. अफवा उठताच तहसीलदाराने आणि ठाणेदाराने तासाभरात नाव-हुद्द्यासह खुलासा करावा. सरपंच, शिक्षक, आशाताई यांनी तो वाडीवाडीच्या ग्रुपवर टाकावा. ज्याने खोटे पुढे ढकलले, त्यानेच त्याच ग्रुपवर ते मागे घ्यावे. आणि जाणूनबुजून जमाव भडकवणाऱ्यावर गुन्हा नोंदवताना त्याची जात, पक्ष, घराणे पाहू नये.