विश्लेषण : 'ॲनिमे'ने जपानमधील गावे गजबजली; 'तान्हाजी', 'छावा'नंतर महाड-पोलादपूरला काय मिळाले?

२०२५ मध्ये दोन महिन्यांच्या अंतराने दोन गोष्टी घडल्या. जुलैमध्ये युनेस्कोने मराठा लष्करी स्थापत्याच्या १२ किल्ल्यांना जागतिक वारशाचा दर्जा दिला. त्यात महाड तालुक्यातील रायगड आहे. सप्टेंबरमध्ये 'डीमन स्लेयर : इन्फिनिटी कॅसल' हा जपानी ॲनिमेपट हिंदी, तमिळ आणि तेलुगूतही भारतात झळकला आणि गाजला. वरवर पाहता या दोन गोष्टींचा संबंध नाही. मात्र पडद्यावरच्या कथेतून गावाची अर्थव्यवस्था कशी उभी राहते, हे जपानने दाखवून दिले आहे. नायकांची वाण नसलेल्या महाड-पोलादपूरसाठी तो अनुभव महत्त्वाचा आहे.

जपानमध्ये नेमके काय घडते?

ॲनिमे म्हणजे जपानी शैलीतील ॲनिमेशन. २०२३ मध्ये या उद्योगाची बाजारपेठ सुमारे ३.३ लाख कोटी येनची होती आणि त्यातील निम्म्याहून अधिक उत्पन्न परदेशातून आले. या उद्योगाचा एक धागा थेट लहान गावांपर्यंत जातो. मालिकेत दिसलेले रेल्वे स्थानक, पूल, मंदिर प्रत्यक्ष पाहण्यासाठी चाहते प्रवास करतात. त्याला जपानीत 'सेइची जुनरेई', म्हणजे पवित्र स्थळांची यात्रा, असे म्हणतात. २०१६ मध्ये स्थापन झालेली ॲनिमे पर्यटन संघटना अशा ८८ स्थळांची यादी काढते. शिकोकू बेटावरील ८८ मंदिरांच्या जुन्या यात्रेवरून हा आकडा घेतला आहे.

टोकियोच्या उत्तरेकडील वाशिनोमिया हे याचे गाजलेले उदाहरण. तेथील मंदिर २००७ मधील 'लकी स्टार' मालिकेत दिसले. पुढच्याच नववर्षाला दर्शनासाठी आलेल्यांची संख्या सुमारे तीन लाखांवर, म्हणजे आदल्या वर्षीच्या दुपटीहून अधिक झाली. स्थानिक व्यापारी मंडळाने मालिकेच्या निर्मात्यांची परवानगी घेऊन मोबाइलला लावायच्या शोभेच्या दोऱ्या तयार केल्या. त्या एकाच ठिकाणी न विकता गावातील वेगवेगळ्या दुकानांत ठेवल्या. त्यामुळे मंदिरात आलेला चाहता गावभर फिरला.

ओआराईचे उदाहरण महाडला जवळचे का?

ओआराई हे समुद्रकाठचे मासेमारीचे गाव. ११ मार्च २०११ च्या त्सुनामीचा त्याला फटका बसला आणि पर्यटक येईनासे झाले. २०१२ च्या ऑक्टोबरमध्ये सुरू झालेल्या 'गर्ल्स उंड पँझर' या मालिकेत या गावातील रस्ते, दुकाने हुबेहूब दाखवली होती. गावकऱ्यांनी ५४ पात्रांचे उभे फलक वेगवेगळ्या दुकानांसमोर लावले. गावात पूर्वीपासून भरणाऱ्या मासळी महोत्सवाला २०१३ मध्ये सुमारे एक लाख लोक आले. मालिका आपत्तीविषयी नव्हती, पण गाव सावरायला तिचा हातभार लागला.

महाड-पोलादपूरची जखमही ताजीच आहे. २२ जुलै २०२१ रोजी सावित्रीच्या पुरात महाड शहर बुडाले. तळिये येथे दरड कोसळून ऐंशीहून अधिक जणांचा मृत्यू झाला. पोलादपूर तालुक्यात केवनाळे आणि साखर सुतारवाडी येथेही बळी गेले. डोंगरातल्या वाड्यांमधून रोजगारासाठी मुंबई गाठणे तर पिढ्यानपिढ्या चालत आले आहे.

या परिसराकडे काय आहे?

ओआराईला कथा बाहेरून मिळाली. येथे ती मातीतच आहे. तानाजी मालुसरे यांची समाधी पोलादपूर तालुक्यातील उमरठ येथे आहे. 'तान्हाजी : द अनसंग वॉरियर' हा २०२० मधील सर्वाधिक कमाईचा हिंदी चित्रपट ठरला. हिरकणीच्या आख्यायिकेवर २०१९ मध्ये मराठी चित्रपट आला. तिच्या नावाचा बुरूज रायगडावर आणि वाडी पायथ्याशी आहे. 'छावा'ने २०२५ मध्ये संभाजी महाराजांची कथा देशभर नेली; त्यांची राजधानीही रायगडच. पाचाडला जिजाऊंची समाधी आहे. युनेस्कोच्या यादीतील प्रतापगड सातारा जिल्ह्यात असला, तरी कोकणातून त्याची वाट पोलादपूरहून आंबेनळी घाटाने जाते. म्हणजे बारापैकी दोन किल्ल्यांचे दरवाजे या दोन तालुक्यांत उघडतात.

मग अडते कुठे?

प्रेक्षक आणि गाव यांना जोडणारा दुवा येथे कच्चा आहे. मुंबई-पुण्याचा पर्यटक सकाळी निघतो, पायऱ्यांनी किंवा रोपवेने गड पाहतो, पायथ्याशी पिठले-भाकरी खातो आणि परतीला लागतो. पोलादपूर तर महाबळेश्वरला जाताना चहापुरते थांबायचे गाव ठरते. पर्यटक एक रात्र राहिला, तर घरगुती मुक्काम, जेवण, रिक्षा, वाटाड्या, नाचणी-तांदळाची विक्री अशा अनेक हातांत पैसा जातो. वाशिनोमिया आणि ओआराईने गर्दी वाढवण्याइतकेच ती गावात जिरवण्याकडे लक्ष दिले.

परवानगीचा प्रश्न येतो का?

जपानमध्ये प्रकाशक, दूरचित्रवाणी, संगीत आणि खेळणी क्षेत्रातील कंपन्या एकत्र येऊन 'निर्मिती समिती' स्थापन करतात आणि पात्रांचे हक्क वाटून घेतात. पात्राचे चित्र वापरायचे, तर दुकानदाराला परवानगी लागते. येथेही 'तान्हाजी' किंवा 'छावा'मधील अभिनेत्यांची छबी परस्पर फलकावर लावता येणार नाही. मात्र तानाजी, हिरकणी, संभाजी महाराज यांच्यावर कोणाचाही स्वामित्वहक्क नाही. उमरठ, पाचाड किंवा हिरकणीवाडीने स्थानिक चित्रकाराकडून स्वतःची चित्रकथा, नकाशा किंवा मोबाइलवर ऐकता येणारी गोष्ट तयार केली, तर कोणत्याही निर्मात्याच्या दारी जावे लागणार नाही. जपानी गावांना नसलेली ही सोय आहे.

धोके कोणते?

पहिला धोका गर्दीचा. 'स्लॅम डंक'मुळे प्रसिद्ध झालेल्या कामाकुरातील रेल्वे फाटकाजवळ छायाचित्रे काढणाऱ्यांच्या गर्दीने रहिवासी हैराण झाले आहेत. रायगडाचा प्रश्न याहून गंभीर आहे. जुलै २०२४ मधील ढगफुटीसदृश पावसात गडाच्या पायऱ्यांवरून लोंढे वाहू लागले, पर्यटक अडकले आणि गड बंद करावा लागला. दरडप्रवण डोंगरात पावसाळी गर्दी वाढवणे म्हणजे संकटाला आमंत्रण. त्यामुळे गर्दी गडावर न वाढवता खालच्या गावांत आणि हिवाळी महिन्यांत वळवणे हाच मार्ग उरतो.

दुसरा धोका विपर्यासाचा. ॲनिमेतील पात्र काल्पनिक असते. येथील व्यक्ती ऐतिहासिक आणि श्रद्धेच्या आहेत. चित्रपटातील प्रसंग इतिहास म्हणून सांगितला गेला, तर वादाला निमित्त मिळते. कागदपत्रांत काय आहे, आख्यायिका कोणती आणि पडद्यावर काय रंगवले, हे वेगवेगळे सांगणारे प्रशिक्षित स्थानिक वाटाडे म्हणूनच आवश्यक ठरतात.

पुढची कसोटी कोणती?

महाडला यात्रेकरू नवे नाहीत. ६ जूनच्या शिवराज्याभिषेक दिनी रायगडावर आणि २० मार्चला चवदार तळ्यावर दरवर्षी मोठ्या संख्येने लोक येतात. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या १९२७ च्या सत्याग्रहाला मार्च २०२७ मध्ये शंभर वर्षे होत आहेत. त्यासाठी कोणत्याही चित्रपटाच्या प्रसिद्धीची गरज नाही. त्या वेळी देशभरातून येणाऱ्यांना राहायला जागा, प्यायला पाणी, स्वच्छतागृह आणि नीट माहिती देणारा माणूस मिळतो का, आणि त्यांच्या येण्यातून महाडच्या बाजारपेठेपासून पोलादपूरच्या वाड्यांपर्यंत चार पैसे पोहोचतात का, यावरून या भागाची तयारी कळेल.