कौत्साने किती घेतले?

विजयादशमीस आपण सोने ‘लुटतो’. कौत्साला मात्र विसरतो. गुरुदक्षिणेसाठी चौदा कोटी हव्या होत्या. कुबेराने रघूच्या कोषात त्याहून अधिक सुवर्ण ओतले. रघू सर्व देऊ लागला, परंतु कौत्साने गुरूच्या देण्यापुरतेच उचलले. कालिदासाने रघुवंशाच्या पाचव्या सर्गात दोघांनाही गौरविले आहे.

आता सोने आकाशातून पडत नाही. तोळाभर सोन्यासाठी कित्येक टन खडक फोडून सायनाइडसारख्या विषाने धुवावा लागतो. कोलारची खाण २००१ साली बंद झाली. तिच्या विषारी गाळाच्या टेकड्या अद्याप उभ्या आहेत, त्यांची धूळ वाऱ्यासरशी वस्तीत शिरते. इतके दूर कशाला? आपल्या गोंदिया-भंडाऱ्याकडील सोनझारी नदीची वाळू आणि सराफ्याच्या नाल्यांतील गाळ धुऊन कण वेचतात. ते कण पाऱ्याने गोळा करून तापविले की निघणारी वाफ प्रथम त्या घरातील लेकरांच्या छातीत जाते.

सोने त्याज्य नव्हे. सौभाग्यालंकार पवित्रच आहेत. हाव मात्र त्याज्य आहे. मुहूर्त साधावयाचाच तर जुना दागिना मोडून नवा घडवावा. आपट्याच्या फांद्या ओरबाडू नयेत, एक पान पुरे. कौत्साने मागे ठेवले, तेवढे आपणही भूमातेच्या उदरात राहू द्यावे.