ट्रंकमासा कीं सोंडमासा?

कळंबला धाडावयाच्या पत्रावर नुसतें ‘कळंब’ एवढेंच लिहून भागत नाहीं, हें आपणां सर्वांस ठाऊक आहे. त्यापुढें ‘जिल्हा यवतमाळ’ हे दोन शब्द लिहावे लागतात. कारण धाराशिव जिल्ह्यांत एक कळंब आहे, पुणें जिल्ह्याच्या आंबेगांव तालुक्यांत दुसरें आहे, आणि नालासोपाऱ्याजवळ ऐन समुद्रकांठीं तिसरें आहे. शिवाय कळंब हें झाडाचेंही नांव. आपल्या रानांतील ज्या झाडास लोक कळंब म्हणतात त्याला वनस्पतिशास्त्रांत मित्रागायना पार्विफोलिया असें म्हणतात. परंतु कृष्णकथेंतील कदंब वृक्षालाही कित्येकजण कळंबच म्हणतात, आणि तो वृक्ष निराळा आहे. तीन अक्षरांच्या एका नांवांत इतकीं गांवें व दोन झाडें सुखानें नांदतात, तरी आपला व्यवहार अडत नाहीं. घोटाळ्याचा संभव दिसतांच आपण जिल्ह्याचें नांव जोडतों आणि मोकळे होतों.

हीच साधी युक्ति प्राण्यांच्या नांवांविषयीं मात्र आपणांस सुचत नाहीं. वर्गांत इंग्रजी पुस्तक उघडलें कीं प्राण्याच्या इंग्रजी नांवाचा शब्दाला शब्द लावून मराठी प्रतिशब्द करावयाचा, आणि तो झाला कीं प्राणी समजला असें मानावयाचें, अशी एक खोड विद्यार्थ्यांत व कधीं कधीं त्यांना शिकविणाऱ्यांतही दिसून येते. ही खोड किती फसवी आहे हें एका लहानशा माशाच्या उदाहरणानें येथें दाखविण्याचा विचार आहे.

उष्ण समुद्रांत प्रवाळांचे खडक असतात. प्रवाळ म्हणजे सूक्ष्म जीवांनीं आपल्या चुनखडीच्या सांगाड्यांवर सांगाडे रचून उभारलेली जणुं वस्तीच. आपल्या महाराष्ट्रासमोरही, विजयदुर्गच्या पश्चिमेस सुमारें १०५ किलोमीटरांवर, समुद्राच्या पोटांत असा एक प्रवाळांचा पठारवजा प्रदेश आहे. सरखेल कान्होजी आंग्रे यांच्या नांवावरून त्यास आंग्रिया बँक म्हणतात. हिंदी व प्रशांत महासागरांतील अशा प्रवाळखडकांच्या आश्रयानें एक चमत्कारिक मासा राहतो. इतर माशांचें अंग जसें लवचिक असतें तसें याचें नसतें. त्याच्या अंगावरील खवले षट्कोनी तबकड्यांचे असून ते एकमेकांस घट्ट सांधलेले असतात, आणि त्यांची मिळून एक कठीण चौकोनी पेटीच बनलेली असते. पेटीला भोकें पाडावीं त्याप्रमाणें तोंड, डोळे, कल्ल्यांच्या फटी, पर व शेंपूट एवढेंच काय तें बाहेर दिसतें. यांपैकीं एका जातीचें पिलूं तर हळदीसारखें पिवळें, अंगावर काळे ठिपके असलेलें, हुबेहूब खेळांतील फांशासारखें असतें.

या माशाच्या कुळाला इंग्रजींत एक नांव नाहीं. कोणी त्यास बॉक्सफिश म्हणतात, कोणी कॉफरफिश, कोणी ट्रंकफिश. आणि ज्यांच्या डोळ्यांवर पुढें आलेलीं दोन शिंगें असतात त्यांना काउफिश म्हणतात. आतां यांतील ‘ट्रंक’ हा शब्द घ्या. इंग्रजींत त्याचे निदान तीन अर्थ रूढ आहेत: झाडाचा बुंधा, हत्तीची सोंड आणि प्रवासाची मोठी पेटी. एखादा विद्यार्थी कोश उघडून, त्यांतील एक अर्थ उचलून ‘सोंडमासा’ असें मोठ्या विश्वासानें लिहील. दुसरा ‘बुंधामासा’ लिहील. आणि दोघांनींही कोशाबाहेरचें कांहींच लिहिलें नाहीं असें ते म्हणूं शकतील. परंतु ज्या आजीनें कधीं कोश पाहिला नाहीं, तिला विचारा. ट्रंक म्हणजे काय हें तिला चांगलें ठाऊक आहे. लग्नांत आणलेली, खाटेखालीं सरकवून ठेवलेली, कुलूप लावलेली पत्र्याची पेटी म्हणजे ट्रंक! मराठीनें त्या इंग्रजी शब्दाचा तेवढाच अर्थ आपल्या घरांत घेतला, आणि या माशाच्या बाबतींत नेमका तोच अर्थ खरा आहे. येथें कोशापेक्षां आजी अधिक विश्वासू ठरते, ही गोष्ट लक्षांत ठेवण्याजोगी आहे.

काउफिशची गोष्ट याहून गमतीची आहे. जुन्या इंग्रजी कोशांत या एकाच शब्दाखालीं शिंगांचा हा पेटीमासा तर आहेच, शिवाय डॉल्फिनाच्या वर्गांतील कांहीं सागरी प्राणीही आहेत. डॉल्फिन हा मासाच नव्हे. तो पिलांस दूध पाजणारा प्राणी. म्हणजे ‘काउफिश’ हा शब्द वाचून वाचकानें काय डोळ्यांपुढें आणावें, हातभर लांबीहून लहान मासा कीं भला मोठा जलचर, हें नुसत्या शब्दावरून सांगतांच येत नाहीं. पण इंग्रजांस हंसण्याचें कारण नाहीं. आपल्या मराठींत गोगलगाय आहे, तिला चार पाय नाहींत, शेंपूट नाहीं, आणि ती दूधही देत नाहीं. देवमासा आहे, तो मासा नव्हे. तारामासा आहे, तोही मासा नव्हे. उलट समुद्रघोडा मात्र घोडा नसून खराखुरा मासा आहे. मुंबईच्या बोंबलाला इंग्रजांनीं ‘बॉम्बे डक’ म्हणजे बदक केलें, आणि काळ्या पापलेटाच्या जातीच्या एका माशाला आपण हलवा म्हणतों. तो संक्रांतीच्या ताटांत वाढावयाचा नसतो एवढेंच!

यावरून लोकांनीं ठेवलेलीं नांवें खोटीं, आणि पुस्तकांतील शास्त्रीय नांवें तेवढीं खरीं, असें अनुमान कोणी काढील तर तेंही चुकीचें होईल. आपल्या शेतांत रात्रीं शिरून तूर व हरभरा उध्वस्त करणारी रोही घ्या. पुस्तकांत तिला नीलगाय म्हणतात. ती गाय नव्हे, हरणांच्या जवळच्या कुळांतील कुरंगवर्गीय प्राणी आहे. परंतु नांवांतील ‘गाय’ या दोन अक्षरांमुळें अनेक ठिकाणीं लोक तिच्यावर हात उगारीत नाहींत. शास्त्रज्ञांनीं तिला बोसेलाफस ट्रॅगोकॅमेलस हें नांव दिलें. त्याची फोड केली तर त्यांत गाय आहे, हरीण आहे, बोकड आहे आणि उंटही आहे! चार प्राण्यांचीं नांवें एकत्र करूनही रोही कशी असते हें त्यांतून कळत नाहीं. तेव्हां शास्त्रीय नांवाची थोरवी त्याच्या अर्थांत नाहीं. तें जगभर एकच असतें, आणि एका नांवाखालीं एकच जात येते, यांत ती आहे. पत्त्यावरील ‘जिल्हा यवतमाळ’ या शब्दांत कळंबचें वर्णन कोठें असतें? पण पत्र मात्र त्यामुळेंच बिनचूक पोहोंचतें.

स्वीडनचा कार्ल लिनियस यानें इ. स. १७५८ मध्यें आपल्या ग्रंथाच्या दहाव्या आवृत्तींत प्राण्यांना दोन पदांचीं नांवें पद्धतशीरपणें दिलीं, तीं अशाच पत्त्यासारखीं आहेत. पिवळ्या पेटीमाशाला त्यानें ऑस्ट्रॅसिऑन क्युबिकस म्हटलें. दुसऱ्या पदाचा अर्थ घनाकृति. शिंगांच्या माशालाही त्यानें त्याच ऑस्ट्रॅसिऑन गणांत घातलें होतें. पुढें अधिक अभ्यास झाल्यावर तो निराळ्या गणांत गेला, व आज त्यास लॅक्टोरिया कॉर्न्युटा म्हणतात. म्हणजे शास्त्रीय नांवही क्वचित् बदलतें. परंतु जिल्हा बदलला म्हणजे जशी सरकारदप्तरीं नोंद होते, तशी या बदलाची नोंद राहते, आणि जुन्या नांवावरून नव्या नांवाचा माग काढतां येतो.

मग लोकांच्या नांवांचें काय करावयाचें? या लेखाचा मुख्य मुद्दा हाच आहे. तीं टाकूं नयेत. तीं शास्त्राच्याही उपयोगाचीं आहेत, असा इतिहासाचा दाखला आहे. फ्रान्सिस हॅमिल्टन यानें १८२२ सालीं गंगेच्या माशांवरील आपला ग्रंथ प्रसिद्ध केला. त्यानें कोळ्यांच्या तोंडचींच नांवें उचलून शास्त्रांत बसविलीं. आपण खातों त्या रोहू माशाचें शास्त्रीय नांव लेबिओ रोहिता आणि मांगूर माशाचें क्लॅरिअस मागुर, हीं त्यामुळेंच आज जगांतील प्रत्येक प्राणिशास्त्रज्ञाच्या तोंडीं आहेत. पुढें फ्रान्सिस डे यानेंही १८७५ ते १८७८ या काळांत प्रसिद्ध झालेल्या हिंदुस्थानच्या माशांवरील ग्रंथांत शास्त्रीय नांवांबरोबर निरनिराळ्या प्रांतांतील देशी नांवें टिपून ठेवलीं. पेटीमाशाचीच आणखी एक गोष्ट सांगतों. हा मासा घाबरला म्हणजे अंगांतून एक विषारी द्रव सोडतो. हौदांत त्याच्याबरोबर ठेवलेले इतर मासे त्या विषानें मरून जातात. हवाई बेटांतील लोक या माशाला ‘पाहू’ म्हणतात. त्यांच्या भाषेंत पाहू म्हणजे पेटी किंवा नगारा. १९६७ सालीं त्या विषाची माहिती शास्त्रज्ञांनीं प्रसिद्ध केली तेव्हां त्यांनीं त्यास ‘पाहूटॉक्सिन’ म्हटलें. बेटांवरील कोळ्यांचा शब्द असा रसायनशास्त्रांत जाऊन बसला. हवाईतला कोळी, इंग्रज खलाशी आणि आपली ट्रंक ओळखणारी आजी, हे तिघेही पेटीपर्यंत आपापल्या वाटेनें पोहोंचले. कारण तिघांनींही शब्द न चाळतां वस्तूकडे पाहिलें.

समुद्रापासून शेंकडों कोस दूर राहणाऱ्या आमच्या मुलांस या समुद्रमाशाचा काय उपयोग, असें कोणी पालक विचारतील. त्यांना आपल्या आठवड्याच्या बाजारांतलें उदाहरण पुरेसें होईल. मांगूर हा आपल्याकडील गोड्या पाण्यांतील जुना मासा. पाणी आटलें तरी हवेंत श्वास घेऊन तो चिखलांत तग धरतो, आणि आजारांतून उठलेल्या माणसास तो खाऊं घालण्याची चाल पुष्कळ ठिकाणीं आहे. परंतु ‘थाई मांगूर’ या नांवानें जो मासा विकला जातो तो दुसराच. त्याचें शास्त्रीय नांव क्लॅरिअस गॅरीपायनस. आणि गंमत अशी कीं तो मूळचा थायलंडचाही नव्हे, आफ्रिकेचा आहे. तो झपाट्यानें वाढतो, अत्यंत खादाड असतो, आणि नदीनाल्यांत शिरला कीं तेथील मूळच्या माशांचा फडशा पाडतो. म्हणून आपल्या देशांत त्याच्या संवर्धनास मनाई आहे. २०१९ सालीं राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणानेंही त्याविरुद्ध आदेश दिले. असें असूनही टोपलींतले दोन्ही मासे ‘मांगूर’ या एका हांकेखालीं विकले जाऊं शकतात. येथें नांवाचा घोटाळा हा परीक्षेतील अर्ध्या गुणाचा प्रश्न राहत नाहीं. पैसा एका माशाचा जातो, मासा दुसराच घरीं येतो, आणि नदी तिसऱ्याच कोणाची तरी हानि सोसते. ‘कोणता मांगूर?’ असा प्रश्न विचारणारें मूल घरांत असेल तर तें शिक्षण वायां गेलें असें कोण म्हणेल?

म्हणून विद्यार्थिमित्रांस माझी दुहेरी विनंति आहे. परक्या भाषेंतील नांव मराठींत आणतांना शब्दाचें भाषांतर करण्यापूर्वीं वस्तूचें चित्र पाहा, वर्णन वाचा, मग नांव द्या. ट्रंकफिशला पेटीमासा म्हणा, आणि शास्त्राच्या तासाला त्याचा पत्ता म्हणून शास्त्रीय नांवही जोडा. दुसरें असें कीं, घरांत, शेतांत व नदीवर जीं नांवें ऐकतां तीं लाजून टाकूं नका. एक वही करा. तिचे चार रकाने पाडा: पहिल्यांत घरचें नांव, दुसऱ्यांत तें कोणाकडून व कोठें ऐकलें, तिसऱ्यांत त्या जीवाचें डोळ्यांनीं पाहिलेलें वर्णन, आणि चौथ्यांत पुस्तकांतील नांव. चौथा रकाना पुष्कळ दिवस रिकामा राहिला तरी हरकत नाहीं. पहिले तीन भरलेले असले म्हणजे चौथा कधीं तरी भरतां येतो. पण पहिलाच पुसला गेला तर तो पुन्हा कोणास भरतां येणार नाहीं. मोल्सवर्थसाहेबांचा जो मराठी-इंग्रजी कोश १८३१ सालीं प्रथम निघाला, त्यालाही लोकांच्या तोंडचे शब्द गोळा करणाऱ्यांच्या अशाच चिकाटीचा आधार होता.

पालकांनाही एक शब्द सांगावासा वाटतो. मूल ‘रोही’ म्हणालें तर ‘नीलगाय म्हण, शुद्ध बोल’ असें म्हणून त्याचें तोंड बंद करूं नका. वर्गांत शेजारीं बसलेलें कोलाम किंवा गोंड घरांतलें मूल त्याच प्राण्याला आपल्या बोलींत निराळें नांव देत असेल, तर तें नांवही तितकेंच मोलाचें आहे. बेंबळेच्या पाण्यांत जाळें टाकणाऱ्या भोयाला वीस मासे वीस नांवांनीं ओळखतां येतात. आपल्यापैकीं पुष्कळांना ते सगळे ‘मासे’ एवढेच दिसतात. या बाबतींत अडाणी कोण आणि शिकलेला कोण, याचा निवाडा पदवीवरून करतां येणार नाहीं.

गांवाचें नांव मोठ्या आवडीनें घ्यावें, आणि पत्र लिहितांना जिल्हाही लिहावा. यांत गांवाचा अपमान होत नाहीं, व जिल्ह्याचाही होत नाहीं. घरचें नांव आणि शास्त्राचें नांव यांनाही आपल्या वहींत असेंच शेजारीं शेजारीं बसवावें.