पट्टीवरची माणसं

रविवारी रात्री एका वाहिनीचा पुरस्कार सोहळा शेवटपर्यंत पाहिला. नायक-नायिकेच्या नाचाला अर्धा तास. आजी, आत्या, सासरे, गावचे तात्या यांची बक्षिसं मात्र पडद्याच्या तळाशी सरकत्या पट्टीवर उरकली. वादळाचा इशारा देतात ना, तशी. श्रेयनामावलीवर मी पावसाळ्यात लिहिलं, तेव्हा ‘एवढं काय त्यात’ म्हणून पत्रं आली होती. ती पाठवणाऱ्यांनी आता पुन्हा लिहावं.

सोमवारी रहिमतपूरच्या एसटी स्टँडवर चहा घेताना विषय काढला. ‘लागिरं झालं जी’ मालिकेतली जीजी म्हटल्यावर सगळ्यांचे चेहरे खुलले. नाव? नायक नितीश चव्हाणचं आलं, नायिका शिवानी बावकरचं आलं, जीजीचं येईना. शेवटी पेन्शनच्या कामाला निघालेले एक गुरुजी म्हणाले, “कमल ठोके. आमच्यातल्याच की, कराडच्या बाई!”

मला या बाईंच्या शेजारी नेहमी बाळ कर्वे दिसतात. सत्तरच्या दशकाच्या अखेरीस दूरदर्शनवर दिलीप प्रभावळकरांचा चिमणराव आणि कर्व्यांचा गुंड्याभाऊ आला, 1979 ला त्यांचा सिनेमाही निघाला. कर्वे गेल्या वर्षी, 2025 च्या ऑगस्टमध्ये, पंचाण्णव वर्षांचे होऊन गेले, तेव्हाही बातमीत गुंड्याभाऊच गेला. पण नाव राहिलं. ठोके बाई 2020 मध्ये गेल्या आणि त्यांचं नाव गुरुजींपाशी उरलं. असं का? गुंड्याभाऊ रोज यायचा नाही, मधल्या दिवसांत मनात मुरायचा. जीजी रोज यायची. रोज दारात येणाऱ्या दूधवाल्याचं आडनाव किती जणांना ठाऊक असतं? हा आपला माझा तर्क. पुरावा मागू नका.

दोघांची चूल मात्र अभिनयावर पेटत नव्हती. कर्वे मुंबई महापालिकेत अभियंता, ठोके बाई निवृत्त मुख्याध्यापिका. म्हणजे मराठी टीव्हीचा चरित्र अभिनेता पोसला कुणी? महापालिकेनं आणि शाळेच्या पगारपत्रकानं. सोहळ्यात आभार मानायचे तर त्यांचे मानावेत. तिकडं विलायतेत क्लाइव्ह डननं 1968 मध्ये ‘डॅड्स आर्मी’ मालिकेतला म्हातारा जोन्स उभा केला, तेव्हा त्याचं वय अठ्ठेचाळीस. जन्मभर म्हाताऱ्यांची कामं करूनही तिथं नट निभावतो, कारण भाग पुन्हा दाखवला की पुन्हा पैसे, हे त्यांच्या युनियननं पदरात पाडून घेतलंय. आपल्याकडं दुपारी तोच भाग फिरून लागतो, तेव्हा काय फिरतं? पंखा.

रहिमतपूर हे नाटककार वसंत कानेटकरांचं जन्मगाव. नाटकाच्या छापील पुस्तकात पहिल्या प्रयोगाची पात्रयादी असते, तीत दोन वाक्यांचा नोकरही नावानिशी असतो. सोमवारी रात्री घरी येऊन एका मालिकेची श्रेयनामावली घड्याळ लावून मोजली. चार सेकंद. त्यातही अर्ध्या पडद्यावर उद्याच्या भागातली थप्पड.